चार वाजून सतरा मिनिटांची भिंत पूर्ववत बोलू देण्याबाबत

दिनांक : १२ फेब्रुवारी २०१४
स्थळ : माझ्या घराची पडवी, भट्टी आळी, एमिताको

प्रति,
मा. प्रमाणवेळ अधिकारी,
ध्वनी व वेळ विभाग,
नगर परिषद कार्यालय (पहिला मजला, सायरनखालची खोली),
एमिताको.

अर्जदार : याबागी कोलो, वय ७१, धंदा काचगवंडी.

विषय : माझ्या राहत्या घराच्या पश्चिमेकडील बोलभिंतीस लावलेले सील काढून ती पूर्वीप्रमाणे दुपारी चार वाजून सतरा मिनिटांनी बोलू देणेबाबत, व त्यायोगे माझी पत्नी घरात परत येणेबाबत.

संदर्भ : १) आपली नोटीस, दि. ६ जानेवारी. २) निरीक्षक श्री. सोजे यांचा पंचनामा, दि. २० जानेवारी. ३) याच विषयावरील माझे तीन अर्ज, ज्यांची पोच मिळाली, उत्तर मिळाले नाही.

महोदय,

१. मी खाली सही करणारा विनयपूर्वक कळवतो की, या गावात माझ्या हातच्या एकतीस बोलभिंती उभ्या आहेत आणि त्यांपैकी तीस वेळेवर बोलतात. एकतिसावी माझ्या स्वतःच्या घराची आहे. प्रस्तुत अर्ज तिच्याबद्दल आहे.

२. यापूर्वीचे तीन अर्ज मी स्वहस्ते लिहिले होते. श्री. सोजे यांच्याकडून असे समजले की ते कार्यालयात कोणाला वाचताच आले नाहीत. म्हणून हा चौथा अर्ज मी तोंडी सांगत असून माझी पत्नी ऐशेतू तो लिहून घेत आहे. पोस्टाच्या ओट्यावर बसून अर्ज लिहून देण्याचा तिचा बावीस वर्षांचा व्यवसाय आहे. महोदयांच्या टेबलावरचे निम्मे कागद तिच्याच अक्षरातले असतील. तिचा एक नेम आहे : मजकूर खोटा वाटला की ती लेखणी खाली ठेवते. जिथे मजकूर पटणार नाही तिथे ती कंसात आपली नोंद करील असे आमच्यात ठरले आहे. त्या नोंदींस मी जबाबदार नाही.

(लेखनिकाची नोंद : अर्जदारच जबाबदार आहेत.)

३. महोदय गेल्या पावसाळ्यातच बदलून इकडे आले असल्याने, इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असलेली गोष्ट नमूद करणे भाग आहे. आमच्याकडे घर बांधताना उन्हाच्या बाजूच्या भिंतीत काचेच्या नळ्या बसवतात. काच भट्टी आळीचीच, फुटक्या बाटल्या वितळवून ओढलेली. नळ्यांपुढे मातीत एक उभी फट ठेवतात. ठरल्या वेळी ऊन त्या फटीतून आत शिरते, नळ्या तापतात, त्यांच्या मधोमध तारेवर चढवून ठेवलेली काचेची पातळ जीभ सुटते आणि अख्खी भिंत बोलते. आवाज तीन गल्ल्यांपलीकडे जातो. दुसऱ्या दिवशी सकाळी जीभ पुन्हा चढवली की झाले. भिंत दिवसातून एकदाच बोलते. उगाच तोंड चालवत नाही.

(लेखनिकाची नोंद : शेवटच्या वाक्याचा रोख कोणाकडे आहे ते लेखनिकाला समजले आहे.)

भिंतीने केव्हा बोलायचे हे मात्र गवंडी ठरवत नाही. लग्नाच्या दिवशी नवरी डोक्यावर पाण्याची भरली घागर घेऊन अंगणात, उंबऱ्यासमोर उभी राहते. नवऱ्याने बांधलेली किंवा बांधवून घेतलेली भिंत बोलली की ती आत पाऊल टाकते. त्याआधी तिला आत घेण्याची कोणाची छाती नाही. ज्या मिनिटाला ती आत आली ते मिनिट त्या घराचे. दुसऱ्या दिवशी वडीलधारी मंडळी येऊन फट त्या मिनिटाला कायमची करून टाकतात. त्यामुळे या गावात कोणी ‘साडेतीनला ये’ म्हणत नाही. ‘कुलूचं घर बोललं की ये’ म्हणतात, आणि माणूस येतो.

४. माझे लग्न १९६८ साली याच महिन्यात झाले. वेळ चारची ठरली होती. मी सगळ्या आळीसमोर छाती ठोकून सांगितले होते की चारच्या ठोक्याला भिंत बोलेल. ती बोलली चार वाजून सतरा मिनिटांनी. मिनिटांबद्दल वाद नाही. ऐशेतूचे मामा कापसाच्या गिरणीत कारकून होते, मनगटी घड्याळ लग्नात त्यांच्या एकट्याकडेच होते, आणि चार वाजून गेल्यावर त्यांनी प्रत्येक मिनिट मोठ्याने मोजले. घागर भरलेली, काचेवरून उलटलेले ऊन नवरीच्या थेट तोंडावर. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. तेव्हापासून एमिताकोत उशिरा येणाऱ्या प्रत्येक गोष्टीला ‘याबागीचे चार’ म्हणतात. बस याबागीच्या चारला येते. डॉक्टर याबागीच्या चारला येतात. आमच्या आळीतील एक बाळ दोन आठवडे उशिरा जन्मले, तर त्याचे टोपणनाव याबागी पडले. आता तो माणूस बापही झाला, पण नाव सुटलेले नाही.

सदर विलंबाची कारणे मी वेळोवेळी दिलेली आहेत. त्या वर्षी धूळवारा फार होता. तार जाड मिळाली होती. बाटल्या औषधांच्या निघाल्या.

(लेखनिकाची नोंद : लेखनिकाने आजवर चौदा कारणे ऐकली आहेत. अर्जदाराच्या कल्पकतेबद्दल तिची तक्रार नाही.)

५. येथे आणखी एक बाब स्पष्ट करतो. सूर्य वर्षभर एकाच जागी मावळत नाही, म्हणून फटीवर एक सरकती लाकडी पट्टी असते आणि ती दर शुक्रवारी केसभर हलवावी लागते. म्हणजे माझी चूक आपोआप टिकलेली नाही. शेहेचाळीस वर्षे दर शुक्रवारी, नमाज पढून आल्यावर, मी शिडीवर चढून ती जपलेली आहे. खाली लेखनिक शिडी धरून उभी असते आणि ‘डावीकडे, अजून, अजून, बास’ असे सांगते. एकदा गुडघा दुखतो म्हणून मी पट्टी न हलवता झोपलो, तर भिंत सतराऐवजी चौदा मिनिटांनी बोलली. त्या आठवड्यात मला भाजीत मीठ मिळाले नाही.

६. आपली नोटीस आली तेव्हा, खोटे कशाला सांगू, मला मनातून गुदगुल्या झाल्या. नोटिशीत लिहिले होते की सायरन बसवल्यामुळे आता गावाची वेळ एकच राहील, सबब सर्व बोलभिंतींनी पूर्ण तासालाच बोलावे, आणि ज्या बोलणार नाहीत त्या बंद करण्यात येतील. जे मला सगळ्या जन्मात जमले नाही ते सरकारने एका कागदावर करून दिले असे वाटले. पट्टी जरा उजवीकडे ओढली की चारला चार. मी त्याच दुपारी शिडी काढली. ऐशेतू अंगणात शेंगदाणे निवडत होती. तिचे शब्द जसेच्या तसे पुढीलप्रमाणे :

“उतरा आधी खाली. ती सतरा मिनिटं सरकारची नाहीत आणि तुमचीही नाहीत. घागर माझ्या डोक्यावर होती. ज्याला ती मिनिटं पाहिजेत त्यानं आधी भरली घागर घेऊन उन्हात उभं राहावं, मग पट्टीला हात लावावा.”

मी शिडी जागेवर ठेवली. महोदय, सरकारचा हुकूम मोडला तर दंड होतो हे मला ठाऊक आहे. पण सरकार माझ्या घरात राहत नाही.

७. निरीक्षक श्री. सोजे यांनी दि. २० जानेवारी रोजी दुपारी चार वाजता तपासणीस येतो असे लेखी कळवले होते. ते पाच वाजून चाळीस मिनिटांनी आले. त्यांच्या विलंबाबद्दल नियमावलीत एखादे कलम असल्यास मला आढळले नाही. माणूस मात्र सज्जन. आल्या आल्या म्हणाले, “काका, माझ्यावर रागावू नका. वरून कागद आला. मी आपला पोतं लावणारा.” ऐशेतूने त्यांना तुवो, म्हणजे आमच्याकडची ज्वारीच्या पिठाची घट्ट उकड, आणि भेंडीची आमटी वाढली. दोनदा वाढली. हात धुऊन त्यांनी आतल्या बाजूने नळ्यांवर गच्च पोते ठोकले, चारही कोपऱ्यांना लाख लावून शिक्के मारले आणि जाताना म्हणाले, “काकू, आमटी झकास होती हां.”

ते फाटकाबाहेर पडायच्या आत ऐशेतूने चटई, उशी आणि आपले लिहिण्याचे टेबल उचलले आणि ती पडवीत गेली. मी म्हटले, “अगं, हे काय?” ती म्हणाली, “भिंत मुकी झाली. म्हणजे मी अजून या घरात आलेलेच नाही. बोलली की येईन.”

कृपया याला रुसवा समजू नये. आमच्याकडे असाच रिवाज आहे. पावसात एखाद्याची भिंत ढासळली तरी घरची बाई ती पुन्हा बोलेपर्यंत पडवीत राहते. त्यामुळेच या गावात नवरे बाकी कोणतेही काम लांबणीवर टाकतील, भिंतीचे टाकत नाहीत. इथे मात्र दुरुस्त करण्यासारखे काही नाही आणि शिक्का सरकारचा आहे. शिक्का तोडावा तर गुन्हा, न तोडावा तर बायको बाहेर. इकडे आड, तिकडे विहीर.

८. या गोष्टीला आज तेवीस दिवस झाले. ऐशेतूने आपला व्यवसाय पोस्टाच्या ओट्यावरून माझ्या पडवीत आणला आहे. सकाळी आठपासून माझ्या दारात अर्जदारांची रांग असते. मी आतून उंबऱ्याशी स्टूल टाकून बसतो, कारण घरात दुसरे कोणी नाही. रांगेतली माणसे मला न्याहाळतात. कुलू, जी माझ्यापेक्षा वयाने मोठी आहे आणि तरीही मला काका म्हणते, रोज जाता-येता विचारते, “काय काका, जमलं की नाही लग्न अजून? मुलीकडचे काय म्हणतात?” आणि रांग हसते. महोदय, या वयात नवरदेव म्हणून मिरवण्याची मला हौस नाही.

स्वयंपाक मी करतो. पहिल्या दिवशीचा तुवो भांड्यासकट काढावा लागला. मी ऐशेतूला वाढून उंबऱ्याबाहेर सरकवतो, ती ‘छान झालाय’ म्हणते, आणि थोड्या वेळाने शेळीला हाक मारल्याचा आवाज येतो.

(लेखनिकाची नोंद : शेळीनेही खाल्ला नाही.)

धूळवारा अजून थांबलेला नाही. पहाटे पडवीत गारठा असतो आणि तिचा उजवा गुडघा चांगला नाही. मी माझी जाड चादर बाहेर नेऊन दिली. तिने ती घेतली, पण आत काही आली नाही. तिच्याशिवाय मला घरात करमत नाही. हे वाक्य सरकारी अर्जात बसते की नाही ते मला माहीत नाही, पण लेखनिकाने ते लिहून घेतले आहे.

(लेखनिकाची नोंद : बसते.)

९. आता ज्यांनी आपला हुकूम पाळला त्यांचे काय झाले तेही महोदयांच्या कानावर घालतो. पितळेची भांडी घडवणारे त्सादो हे माझे शेजारी. त्यांना दोन बायका, म्हणून घराला दोन भिंती. थोरलीची पाचला वीस कमी असताना बोलायची, धाकटीची पाच वाजून पंचवीस मिनिटांनी. जिची भिंत बोलेल तिने त्सादोंना वाढायचे, थोरलीने पेज आणि धाकटीने जेवण, अशी वीस वर्षांची वहिवाट. नोटिशीनुसार त्यांनी दोन्ही भिंती पाचला आणल्या. आता पाचला दोन्ही भिंती एकदम बोलतात आणि दोन्ही बायका एकदम जेवण आणतात. पेज कोणी आणायची हे ठरेना, कारण दोघीही म्हणतात, “माझी भिंत आधी बोलली.” एकीचे खाल्ले आणि दुसरीचे ठेवले असे करण्याइतके त्सादो शूर नाहीत. आठ दिवस त्यांनी दोन्ही ताटे संपवली. नवव्या दिवशी ते आडवे झाले. मी भेटायला गेलो तर म्हणाले, “याबागी, सरकारला सांग, भिंती दोन असल्या तरी पोट एकच आहे.” त्यांच्या विनंतीवरून ते येथे सांगत आहे.

१०. सायरनबद्दल मला काही बोलायचे नाही. तो विजेवर चालतो एवढेच नमूद करतो. गेल्या तेवीस दिवसांपैकी अकरा दिवस तो वाजला नाही. त्या अकरा दिवसांत आपल्या कार्यालयातील कर्मचारी घरी कसे गेले याची मी चौकशी केली. ते कुलूच्या घराकडे कान लावून बसले होते असे कळले. कुलूचे घर दुपारी साडेतीनला बोलते.

(लेखनिकाची नोंद : नोटीस निघाल्यावरही कुलूची भिंत अद्याप तपासलेली नाही. कार्यालयात कोणालाही तिची तपासणी करण्याची घाई दिसत नाही.)

११. सबब महोदयांस नम्र विनंती की,

अ) माझ्या भिंतीचे सील अत्यंत तातडीने काढण्याचा हुकूम व्हावा. माझे वय व लेखनिकाचा गुडघा पाहता एकेक दिवस मोलाचा आहे.

ब) ते नियमात बसत नसल्यास, माझ्या घरापुरती चार वाजून सतरा मिनिटांची वेळ हाच पूर्ण तास मानण्यात यावा.

क) तेही शक्य नसल्यास महोदयांनी स्वतः येऊन ऐशेतूला आत येण्यास सांगावे. मी सांगून पाहिले आहे.

महोदय अद्याप अविवाहित असल्याचे समजते. पुढेमागे इथेच घर बांधण्याचा विचार झाल्यास भिंत मी बांधून देईन आणि ती ठरल्या वेळी बोलेल.

(लेखनिकाची नोंद : वेळेची हमी लेखनिक देत नाही.)

सोबत : नोटिशीची प्रत. पंचनाम्याची प्रत, आमटीच्या डागासह. त्सादो यांच्या पोटाबद्दल दवाखान्याचा दाखला. जोडपत्र ‘ब’, सर्व रकाने भरून.

१२. जोडपत्र ‘ब’चे सर्व रकाने भरलेले नाहीत असे लेखनिकाने आत्ताच निदर्शनास आणले. रकाना सहा, ‘विलंबाचे मूळ कारण’, मी मागील तिन्ही वेळा कोरा सोडला होता. लेखनिकाचे म्हणणे असे : “रकाना रिकामा राहिला की अर्ज बाजूला पडतो. बावीस वर्षं बघतेय मी. बोला, काय लिहू?”

मी म्हटले, “धूळवारा लिही.”

“धूळवारा सांगून झालाय. त्या वर्षी पाऊस उशिरापर्यंत होता, धूळ नव्हतीच.”

“मग तार.”

“तार त्सादोंच्या वडिलांनी दिली होती. त्यांची तार आजवर कोणाच्या भिंतीत अडली नाही.”

आणि तिने लेखणी खाली ठेवली. रांगेतली चार माणसे आमच्याकडे बघत होती. त्यांना मी चहा पिऊन या म्हणून सांगितले. ती गेल्यावर मी पुढीलप्रमाणे सांगितले व लेखनिकाने लेखणी पुन्हा उचलली.

भिंत तयार होती. ऊन बरोबर चारला फटीत आले. नळ्या तापल्या, जीभ सुटायला आली. मी आतल्या बाजूला उभा होतो. आमच्या नळ्यांतून आतून बाहेरचे दिसते, बाहेरून आतले दिसत नाही. तोवर मी ऐशेतूला दोनदाच पाहिले होते आणि दोन्ही वेळा ती तिच्या आत्यांच्या घोळक्यात होती. त्या दिवशी अंगणात ती एकटी उभी होती. घागरीखाली मान ताठ. उन्हाने एक डोळा बारीक झालेला. ओठ हलत होते, देवाचे नाव घेत होती की मला शिव्या देत होती ते कळत नव्हते. मला वाटले, एकदा ही आत आली की पाहुणे, जेवणावळी, माणसांचा गराडा. मग हिच्याकडे निवांत बघायला कधी मिळणार? मी तापलेल्या जिभेवर तळहात ठेवला. जीभ दाबून धरली की भिंत बोलत नाही. घटकाभर बघावे एवढेच मनात होते. बाहेर तिचे मामा मिनिटे मोजत होते आणि प्रत्येक मिनिटाला मी ठरवत होतो की पुढच्याला हात काढायचा. सतराव्याला ती आपणहून हसली, कशाला ते मला आजपर्यंत माहीत नाही, आणि माझा हात सुटला.

हे मी कोणाला सांगितले नाही. कामात कच्चा म्हणून लोक हसले ते परवडले. भर लग्नात बायकोकडे बघत बसला म्हणून हसले असते तर मला आळीत फिरता आले नसते. माझ्या उजव्या तळहातावरचा डाग भट्टीचा आहे असे मी आजवर सांगत आलो. तो भट्टीचा नाही.

रकाना सहामध्ये लिहावे : अर्जदार नवरीकडे बघत होता.

(लेखनिकाची नोंद :

१३. येथून पुढचा मजकूर अर्जदाराच्या स्वतःच्या अक्षरात आहे, त्याबद्दल क्षमा असावी. लेखनिक कंस उघडून थांबली. मग उठली आणि उंबरा ओलांडून आत गेली. भिंत बोललेली नसताना गेली. मी रिवाजाची आठवण करून दिली, तर ती म्हणाली, “गप्प बसा.” मला वाटले, संपले सगळे, अर्ज फाडून टाकावा. तेवढ्यात ती परत बाहेर आली, मला दंडाला धरून अंगणात नेऊन उभे केले, भरली घागर माझ्या डोक्यावर ठेवली आणि घरात जाऊन आतून कडी लावली.

मी ओरडलो, “अगं, अर्ज पुरा व्हायचाय!”

आतून उत्तर आले, “उभ्यानं लिहा.”

त्याप्रमाणे एका हाताने घागर धरून दुसऱ्या हाताने, फाटकाच्या खांबावर कागद टेकवून लिहीत आहे. कागदावर पाण्याचे डाग दिसतील. ते घागरीतले समजावेत.

१४. नागरिक म्हणून कळवणे माझे कर्तव्य आहे की आतून लाख फुटल्याचा आवाज चार वेळा आला आणि नळ्यांवरचे पोते खाली पडले. गुन्हा नोंदवायचा झाल्यास तो माझ्या नावे नोंदवावा. जीभ मी श्री. सोजे यांना दाखवण्यासाठी त्या संध्याकाळी पुन्हा चढवली होती, आणि पोत्याने दाबून धरल्यामुळे ती तेव्हापासून चढलेलीच आहे. ऊन फटीत शिरलेले मला इथून स्पष्ट दिसते. इतक्यात भिंत बोलायला हवी होती. मी एकतीस भिंती बांधलेल्या आहेत, मला तेवढे कळते. ती बोललेली नाही. याचा अर्थ आत कोणीतरी जिभेवर तळहात ठेवून उभे आहे.

बाहेरून आतले दिसत नाही. मी तरीही मान ताठ ठेवली आहे. चहा पिऊन आलेली रांग फाटकाशी उभी आहे आणि कुलू काहीतरी बोलते आहे, माझे तिकडे लक्ष नाही. ऊन डोळ्यांवर आहे, मानेला कळ लागली आहे.

तरी कलम ११ (अ) मध्ये ‘अत्यंत तातडीने’ असे जे शब्द लिहिले आहेत, ते मी या अर्जाद्वारे मागे घेतो. महोदयांनी सवडीने निर्णय द्यावा. मला घाई नाही, आणि आत जी उभी आहे तिलाही असल्याचे दिसत नाही.

आपला, घागरीखाली ताठ तरीही नम्र,
याबागी कोलो
काचगवंडी, भट्टी आळी, एमिताको

वेळ : मोजलेली नाही.